जुन्या फाइलींतील शब्द : एका पालि-मराठी टिपणसंग्रहाच्या निमित्ताने

मुखेड येथील आमच्या धम्म-अभ्यासवर्गाच्या कपाटात पत्र्याचा एक डबा बरीच वर्षे पडून होता. विहाराची रंगरंगोटी निघाली तेव्हा तो उघडण्यात आला. आत साडेतीन इंची फ्लॉपींची एक चळत आणि टंकलिखित कागदांचा लहानसा गठ्ठा निघाला. विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात आमच्यापैकी काही शिक्षक, कारकून आणि महाविद्यालयीन विद्यार्थी यांनी मिळून पालि-मराठी शब्दटिपणे तयार करावयास घेतली होती, तीच ही. त्या वेळी वर्गात धम्मपद वाचताना अडलेला शब्द पाहावयाचा तर र्‍हिस डेव्हिड्स आणि स्टीड यांचा पालि-इंग्रजी कोश हाती घ्यावा लागे. खेड्यातून आलेल्या मुलास पालि शब्दाचा इंग्रजी अर्थ, त्या इंग्रजी अर्थाचा पुन्हा मराठी अर्थ, अशा दोन नद्या ओलांडाव्या लागत. ती पायपीट वाचावी एवढ्याच हेतूने हे काम सुरू झाले होते.

फ्लॉपी वाचणारे यंत्र मोठ्या खटपटीने मिळाले. फाइली उघडल्या आणि आमचा हिरमोड झाला. एका फाइलीत रोमन लिपीतील टिंबे-टोपीवाल्या अक्षरांचा खच दिसत होता. मराठीचे एकही अक्षर नाही. दुसरी फाइल फॉक्सप्रो या तत्कालीन कार्यप्रणालीत बांधलेली कोष्टकाची होती. तीही प्रथम अगम्यच वाटली. गठ्ठ्यातील कागद मात्र पिवळे पडले असले तरी पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचता आले.

कागद आणि फाइल यांच्यातील हा फरक वरवर पाहता घरगुती स्वरूपाचा वाटेल. तथापि द्विभाषिक शब्दकोश कोणी रचला, कोणत्या साधनाने साठविला आणि पुढील पिढीला तो कोणत्या रूपात मिळाला, या प्रश्नांशी आपल्या समाजाचा संबंध फार जुना आहे. आज संगणक मराठीचे हिंदी आणि इंग्रजीचे मराठी करू लागला आहे. त्याच्या मुळाशी असलेल्या कोशांचा इतिहास आपल्याकडे क्वचितच सांगितला जातो. म्हणून आमच्या डब्याचे निमित्त करून तो येथे थोडक्यात मांडीत आहोत.

बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांना एल्फिन्स्टन हायस्कुलात संस्कृत शिकू दिले गेले नाही. त्यांना पर्शियन घ्यावी लागली, हे सर्वविदित आहे. पुढे त्यांनी स्वतःच्या परिश्रमाने संस्कृत आत्मसात केले आणि आयुष्याच्या उत्तरार्धात पालीचे व्याकरण व शब्दकोश सिद्ध करण्याचे काम हाती घेतले. हा कोश केवळ पालि-इंग्रजी नाही. त्याचा एक भाग पालि शब्दांचे अर्थ इंग्रजी, मराठी, गुजराती व हिंदी अशा चार भाषांत देतो. या रचनेकडे अभ्यासकांनी पुरेसे लक्ष दिलेले नाही असे आमचे मत आहे. ज्यास इंग्रजी येत नाही त्यासही मूळ शब्दापर्यंत थेट पोहोचता यावे, मध्ये कोणी दुभाषी बसू नये, ही दृष्टी त्या चार रकान्यांत आहे. ज्या मनुष्याला एका भाषेच्या दारातून परत पाठविले गेले होते, त्याने दुसर्‍या भाषेला चार दारे बसविली.

बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण १९५६ साली झाले. महाराष्ट्र शासनाची चरित्रसाधने प्रकाशन समिती १९७६ साली स्थापन झाली, पहिला खंड १९७९ मध्ये निघाला, आणि पालि व्याकरण व शब्दकोश असलेला सोळावा खंड वसंत मून यांच्या संपादनाखाली १९९८ साली प्रकाशित झाला. म्हणजे कोशाच्या हस्तलिखिताने छापखान्याची वाट किमान ४२ वर्षे पाहिली. हा विलंब क्लेशकारक आहेच. पण त्यातील एक गोष्ट ध्यानी घ्यावयास हवी. ४२ वर्षांनंतर ते कागद वाचण्यास डोळ्यांखेरीज कोणतेही यंत्र लागले नाही. आमच्या फ्लॉपी त्याहून कितीतरी अल्पवयीन असूनही यंत्राविना मुक्या होत्या.

मराठीपुरते पाहिले तर द्विभाषिक कोशांच्या परंपरेत मोल्सवर्थचे स्थान फार मोठे आहे. जेम्स मोल्सवर्थ आणि जॉर्ज व थॉमस कँडी हे बंधू यांनी रचलेला मराठी-इंग्रजी कोश १८३१ मध्ये निघाला. सुमारे ६० हजार शब्दांची सुधारून वाढविलेली दुसरी आवृत्ती १८५७ ची. शब्दसंग्रहाचे काम प्रामुख्याने ब्राह्मण शास्त्र्यांच्या साह्याने झाले. कोशाची थोरवी निर्विवाद आहे; लोकांच्या तोंडचे असंख्य शब्द केवळ त्याच्यामुळे टिकले. परंतु शब्द कोणाच्या तोंडून ऐकला आणि अर्थ कोणास विचारला, याची छाप प्रत्येक कोशावर उमटतेच. मोल्सवर्थमध्ये ‘दलित’ शब्द आहे, पण त्याचा अर्थ दळलेला, भरडलेला, तुकडे केलेला एवढाच. कोशकाराचा तो दोष नव्हे. माणसांच्या समूहाने तो शब्द आपले नाव म्हणून उचलला तो नंतर, आणि १९७२ साली दलित पँथर स्थापन झाल्यावर तर तो जगभर गेला. आज मोल्सवर्थचा कोश शिकागो विद्यापीठाच्या दक्षिण आशियाई कोशांच्या संगणकीय संग्रहात समाविष्ट आहे आणि त्यात शब्दशोध करता येतो. तेथून शब्द उचलून भाषांतरयंत्राचा कोश भरणार्‍याने ही मधली दीडशे वर्षे स्वतः भरून काढली नाहीत, तर यंत्र जिवंत माणसास पीठ म्हणेल.

आमच्या भागाला आणखी एका कोशकार्याचा वारसा आहे. मुखेड तालुका १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता. १९१७ साली हैदराबादेत दार-उल-तर्जुमा म्हणजे भाषांतर-कार्यालय स्थापन झाले. मौलवी अब्दुल हक त्याचे पहिले प्रमुख. उस्मानिया विद्यापीठाचे सारे शिक्षण उर्दूतून देता यावे म्हणून पाश्चात्य विद्यांचे ग्रंथ तेथे उर्दूत आणले जात आणि त्यासाठी पारिभाषिक शब्द घडविणार्‍या समित्या बसत. देशी भाषेत उच्च शिक्षण देण्याचा हा मोठा प्रयोग होता, यात शंका नाही. मात्र राज्यातील बहुसंख्य प्रजा तेलुगू, मराठी व कन्नड बोलणारी होती. कार्यालयाची भाषा एक आणि शेतकर्‍याची दुसरी, या स्थितीची खूण आजही तहसिलीच्या दप्तरात सापडते. खासरा पत्रक, पहाणी पत्रक, मुंतखब हे शब्द आमच्याकडील जमिनीच्या वादात अद्याप वावरतात. महारांच्या वतनी जमिनीस ‘हाडकी हाडोळा’ म्हणत. जुन्या कागदाचे भाषांतर करताना यंत्राच्या कोशात ‘हाडकी’ शब्दापुढे केवळ हाडूक हा अर्थ असेल, तर जमीन नाहीशी होऊन हाडे तेवढी उरतील. ज्या कुटुंबाचा दावा त्या एका ओळीवर उभा आहे, त्याला हा विनोद परवडणारा नाही.

आता यंत्राकडे वळू. भारतीय भाषांमधील यांत्रिक भाषांतराचा एक महत्त्वाचा प्रयत्न ‘अनुसारक’ या नावाने झाला. कानपूरच्या आय.आय.टी.त विनीत चैतन्य, राजीव संगल आणि त्यांचे सहकारी यांनी ‘अक्षर भारती’ या सामूहिक नावाने हा विचार मांडला आणि १९९० च्या दशकात हैदराबाद विद्यापीठाच्या सहकार्याने मराठी, तेलुगू, कन्नड, बंगाली व पंजाबी या पाच भाषांतून हिंदीत उतरविणार्‍या प्रणाली तयार झाल्या. व्याकरणाची चौकट पाणिनीची घेतली होती. (पालीच्या अभ्यासकास येथे कच्चायनाची आठवण होणे साहजिक आहे, पण तो विषय वेगळा.) मुखेडसारख्या ठिकाणाहून पाहिले तर या पाच भाषांपैकी तीन, म्हणजे मराठी, तेलुगू आणि कन्नड, आमच्या बाजारात रोज कानी पडतात. यंत्रात मात्र त्या एकमेकींशी बोलत नव्हत्या. तिघींनाही हिंदीच्या ओसरीवर यावे लागे.

‘अनुसारक’ने स्वतःस पूर्ण भाषांतरकार म्हणवून घेतले नाही, हे त्याचे मोठेपण होय. मूळ वाक्यातील माहिती न गाळता दुसर्‍या भाषेत आणून ठेवावयाची, संदिग्ध स्थळी तशी खूण करावयाची आणि उरलेले वाचकाच्या समजुतीवर सोपवावयाचे, असा त्याचा बाणा होता. भाषा जवळच्या असल्या म्हणजे काम सोपे, असे आपणांस वाटते; पण खरी गोम तेथेच आहे. मराठीतील ‘शिक्षा’ म्हणजे दंड, हिंदीतील ‘शिक्षा’ म्हणजे शिक्षण. मराठीत ‘चेष्टा’ थट्टेची, हिंदीत प्रयत्नाची. मराठी ‘संसार’ घरातला, हिंदी ‘संसार’ अवघ्या जगाचा. कोशकाराने रूप सारखे दिसले म्हणून शब्द तसाच पुढे ढकलला, तर न्यायालयाने ठोठावलेली शिक्षा हिंदीत शाळा होऊन बसते. ‘शिका’ हा आदेश शिरोधार्य मानणार्‍या आमच्या वाचकांना या उदाहरणाची गंमत निराळी सांगावयास नको.

अशा यंत्रासाठी कोशाच्या फाइली किमान तीन प्रकारच्या लागतात. पहिली मूळ भाषेच्या शब्दांची, ज्यात प्रत्येक धातूचा वा नामाचा रूपावलीचा गट सांगितलेला असतो. दुसरी दोन भाषांतील जोड्यांची. तिसरी लक्ष्य भाषेतील रूपे घडविण्याची. पहिल्या फाइलीतच आमच्या बोलीचे भवितव्य ठरते. नांदेड-लातूरकडील मनुष्य ‘काय करूलालास?’ म्हणतो, ‘जाऊलालो’ म्हणतो. प्रमाण मराठीची रूपावली ‘करतो आहेस’पाशी थांबली असेल, तर यंत्रास हा शब्द परका वाटतो आणि तो जसाच्या तसा पुढे टाकला जातो. आईच्या तोंडची क्रियापदे यंत्राच्या लेखी अनोळखी राहतात, ती अशी.

या फाइली कोणत्या अक्षरांत लिहाव्या, हा प्रश्न त्या काळी फार जिकिरीचा होता. ‘अनुसारक’च्या परंपरेत रोमन लिपीचे एक खास लेखन वापरीत. त्यात प्रत्येक भारतीय वर्णास एकच रोमन अक्षर. ‘त’साठी डब्ल्यू आणि ‘द’साठी एक्स, म्हणून त्या लेखनास डब्ल्यू-एक्स हेच नाव पडले. ‘दलित’ हा शब्द त्यात एक्स, ए, एल, आय, डब्ल्यू, ए असा लिहावयाचा. किल्ली ठाऊक असलेल्यास हे सरळ आहे. नसलेल्यास फाइल म्हणजे निव्वळ गुप्तलिपी.

दुसरी वाट इस्कीची. भारतीय लिप्यांसाठीची ही संकेतावली भारतीय मानक ब्यूरोने १९९१ साली मानक म्हणून स्वीकारली. एकूण २५६ जागांपैकी खालच्या १२८ रोमनकडे आणि वरच्या भारतीय लिप्यांकडे. तिचा गाभा असा की देवनागरीतील ‘क’, तेलुगूतील ‘क’ आणि कन्नडमधील ‘क’ यांचा क्रमांक एकच. लिपीची कळ फिरविली की तीच फाइल तेलुगू अक्षरांत दिसे. कानपुरात जन्मलेले आणि पुण्याच्या सी-डॅकने पुढे नेलेले जिस्ट हे तंत्र संगणकास जोडले की फॉक्सप्रोसारख्या इंग्रजीसाठी रचलेल्या कार्यप्रणालीतही मराठी साठविता येई. आमचे कोष्टक याच मार्गाने भरलेले होते, हे आम्हांस गठ्ठ्यातील एका कागदावरील टिपेवरून कळले.

तिसरी वाट फॉण्टांची, आणि तीच सर्वांत घातक ठरली. छपाईच्या सोयीसाठी निरनिराळ्या कंपन्यांनी आपापले मराठी फॉण्ट काढले. त्यांत रोमन अक्षरांच्या जागी देवनागरीचे तुकडे बसविलेले असत: काना, मात्रा, अर्धा ‘न’, रफार. प्रत्येकाची मांडणी वेगळी. कागदावर अक्षर सुबक उमटे, पण फाइलीत साठत ते अक्षर नव्हे, त्याचे चित्र. ‘निब्बान’ या शब्दात र्‍हस्व वेलांटी डोळ्यांना ‘न’च्या आधी दिसते, म्हणून तशा फाइलीत ती आधीच साठते, युनिकोडमध्ये उच्चाराच्या क्रमाने ‘न’ आधी आणि वेलांटी नंतर. त्यामुळे अकारविल्हे लावावयास गेले की क्रम कोसळतो, शब्द शोधावयास गेले की सापडत नाही, आणि फॉण्ट हरवला की सगळाच मजकूर हरवतो. शब्दकोशास क्रम आणि शोध या दोन गोष्टी प्राणासारख्या. पालीची अडचण तर याहून अधिक. ‘विञ्ञाण’मधील ‘ञ्ञ’ किंवा ‘सङ्खार’मधील ‘ङ्ख’ ही जोडाक्षरे मराठी वृत्तपत्रास लागत नाहीत. आम्ही वापरलेल्या फॉण्टात ती नव्हती. टंकलेखकाने ती इतर तुकडे जोडून उभी केली होती. आज रूपांतर करणारी साधने उपलब्ध आहेत, पण असल्या कलाकुसरीपुढे तीही हात टेकतात.

लिपीचा प्रश्न सुटला तरी आणखी एक पदर उरतो. माणसाने भरलेली कोशाची साधी फाइल यंत्राला संथ वाटते. हजारो नोंदींतून शब्द क्षणात हाती लागावा म्हणून तिच्यापासून एक बांधीव फाइल तयार करतात. हे काम करणारे तयार संच असतात; संगणकाच्या परिभाषेत त्यांना लायब्ररी म्हणतात, ग्रंथालयाशी त्यांचे नाते नावापुरतेच. जीडीबीएम हा अशांपैकी एक प्रसिद्ध संच. त्याने बांधलेली फाइल एका जातीच्या संगणकावरून दुसर्‍या जातीच्या संगणकावर नेली तर ती उघडेलच अशी खात्री नसते. बी आणि पीठ यांतला हा भेद आहे. पीठ लगेच भाकरीस कामी येते, पण ते पेरता येत नाही. साध्या फाइली टाकून देऊन ज्यांनी केवळ बांधीव फाइली जपल्या, त्यांनी बियाणे दळून ठेवले. २००५ च्या सुमारास स्पेनमधील आलिकांते विद्यापीठातून निघालेल्या ‘अपर्टियम’ या मुक्त भाषांतरप्रणालीने हा धडा घेतलेला दिसतो. तिचा द्विभाषिक कोश साध्या मजकुराच्या फाइलीत राहतो, प्रत्येक नोंदीस डावी आणि उजवी अशा दोन बाजू असतात, आणि बांधीव रूप हवे तेव्हा त्यापासून पुन्हा घडविता येते. एखाद्या गावातील शिक्षकही ती फाइल उघडून चुकलेली जोडी दुरुस्त करू शकतो.

परंतु डावी-उजवी बाजू हेच मुळी आमच्या चिंतेचे कारण आहे. पालि-मराठीच्या बाबतीत हा सापळा फार जवळ लावलेला असतो. पालीतील ‘वेदना’ म्हणजे सुखद, दुःखद वा तटस्थ अशी कोणतीही संवेदना. मराठीत ‘वेदना’ म्हणजे दुखणेच. ‘विञ्ञाण’चे संस्कृत रूप ‘विज्ञान’, आणि मराठीत विज्ञान म्हणजे प्रयोगशाळा. ‘सञ्ञा’ची ‘संज्ञा’ केली की व्याकरणाचा वर्ग सुरू होतो. ‘सङ्खार’चे ‘संस्कार’ झाले की मुंज-बारशाचा मांडव उभा राहतो. पाच खंधांपैकी चारांची ही गत. पाचवा ‘रूप’, त्यालाही मराठीत सौंदर्याचा वास येतो! विपस्सनेच्या शिबिरातून आलेला उपासक आणि मराठी शब्दकोश यांच्यात या शब्दांवरून जो गोंधळ उडतो, तो आम्ही वर्गात अनेकदा पाहिला आहे. आणि ‘धम्म’? उजव्या बाजूस ‘धर्म’ लिहून मोकळे होणे सर्वांत सोपे. पण धम्म आणि धर्म ह्या एक गोष्टी नव्हेत, हे सांगण्यासाठी बाबासाहेबांनी १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात स्वतंत्र विवेचन केले. यंत्राच्या कोशातील एक जोडी ते सारे विवेचन एका क्षणात पुसून टाकते. म्हणून अशा शब्दांसाठी जोडीपेक्षा टीप महत्त्वाची. अर्थ कोणता दिला यापेक्षा तो का दिला आणि दुसरा का नाकारला, ही नोंद जपली गेली पाहिजे.

मधल्या काळात यंत्राचा स्वभावच बदलला. २०१३ साली गूगलच्या भाषांतरसेवेत मराठी आली. २०१७ साली तिच्यामागे चेताजालाची पद्धत आली. २०२२ मध्ये केंद्र शासनाचे ‘भाषिणी’ व्यासपीठ सुरू झाले, आणि २०२३ मध्ये चेन्नईच्या आय.आय.टी.तील ‘एआय फॉर भारत’ या गटाने आठव्या परिशिष्टातील २२ भाषांसाठी ‘इंडिकट्रान्स-२’ ही प्रणाली खुली केली. पालि त्या परिशिष्टात नाही. अर्थात ती या २२ मध्येही नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने मराठी आणि पालि या दोघींना एकाच दिवशी अभिजात भाषेचा दर्जा मान्य केला, तरी यंत्राच्या पंगतीत दोघींची पाने अद्याप एकत्र मांडलेली नाहीत.

नवी यंत्रे कोशाच्या जोड्यांवर चालत नाहीत. माणसांनी आधी केलेल्या भाषांतरांच्या वाक्यावाक्यांवरून ती शिकतात. त्यांचे मराठी पूर्वीच्या यंत्रांपेक्षा पुष्कळच प्रवाही असते, हे मान्य केलेच पाहिजे. मात्र जुन्या कोशात ‘हाडकी’ची नोंद चुकली असेल तर त्या ओळीवर बोट ठेवता येई आणि ती ओळ बदलता येई. नव्या यंत्रात बोट ठेवावयास ओळच नाही. चूक कोठे राहते हे त्याच्या कर्त्यांनाही नेमके दाखविता येत नाही. म्हणून आमच्या मते जुन्या कोश-फाइली रद्दी समजून टाकून देण्याची ही वेळ नव्हे. नव्या यंत्राने केलेला अर्थ तपासून पाहावयाचा तर तपासणीचा मापदंड तेथेच मिळेल.

हे काम अशक्य नाही, याचे उदाहरण महाराष्ट्रातच आहे. इगतपुरीच्या विपश्यना विशोधन विन्यासाने छट्ठ संगायनाचे संपूर्ण तिपिटक संगणकावर आणून १९९७ साली त्याची सी.डी. काढली. पुढे तोच पाठ युनिकोड देवनागरीत आणला गेला, आणि आज तो वाचकास हव्या त्या लिपीत पाहता येतो. सी.डी. लावण्याची खाच आता बहुतेक संगणकांत उरलेली नाही. पाठ मात्र उरला, कारण वेळच्या वेळी त्याला एका नावेतून दुसर्‍या नावेत बसविले गेले.

आम्ही ते केले नाही, हा दोष सर्वस्वी आमचा. तरीही डबा अगदीच निष्फळ ठरला नाही. फॉण्टातील फाइलीपैकी काही भाग कागदाशी ताडून पाहून उलगडला. उरलेला पुन्हा टंकावा लागेल. फॉक्सप्रोच्या कोष्टकाने मात्र सुखद धक्का दिला. ते इस्कीत असल्याने, आणि युनिकोडची देवनागरी मुळात इस्कीच्याच मांडणीवर बेतलेली असल्याने, आमच्यातील एका तरुणाने लहानशी आज्ञावली लिहून सारे कोष्टक एका संध्याकाळी वाचनीय केले. पालि शब्द, लिंग, मराठी अर्थ असे रकाने ओळीने पडद्यावर उतरले. ज्यांनी ते भरले होते त्यांपैकी काही जण आज हयात नाहीत; ‘अप्पमाद’ या शब्दापुढील अर्थ वाचून तो कोणी दिला असावा हे जुन्या मंडळींनी शब्दांच्या ठेवणीवरून ओळखले.

एक गोष्ट मात्र गेली. फॉक्सप्रोत लांबलचक मजकुराची टिपणे कोष्टकात राहत नसत. त्यांची फाइल वेगळी असे आणि कोष्टकात त्या फाइलीतील जागेचा केवळ क्रमांक राही. टीप लिहिलीच नसेल तर तो रकाना रिकामा. आमच्या फ्लॉपींत ही टिपणांची फाइल कोठेच मिळाली नाही. कागदांचा गठ्ठाही ‘प’पर्यंत येऊन संपतो. ‘वेदना’पुढे ‘संवेदना (सुख, दुःख, उभय नसलेली)’ असा अर्थ आहे. ‘सङ्खार’च्या ओळीत मराठी अर्थाचा रकाना कोरा आहे, पण टिपणाच्या रकान्यात एक क्रमांक आहे. म्हणजे त्या शब्दावर कोणीतरी विचार करून काही लिहिले होते. तो रकाना आम्ही तूर्त कोराच ठेवला आहे. त्या वर्गात बसलेल्या कोणापाशी जुनी फ्लॉपी, वही वा छापील प्रत असेल, तर ती आमच्यापर्यंत पोहोचवावी.